स्वयंपाकघरातली एकेरी वाहतूक

३ मार्च १९५७, रविवार. सकाळी ७.१०
नवी वही. नवी पेन्सिल. आजपासून रोज लिहायचं, थोडक्यात लिहायचं, तक्रार करायची नाही.

ही मुलीकडे बाळंतपणाला गेली त्याला आज अकरा महिने झाले. जाताना तीन महिन्यांत येते म्हणाली होती. बाळ आता भिंतीला धरून उभं राहतं म्हणे. हिचा दोष नाही. दोष ट्रॅफिकचा. मुलगी शहराच्या पार दुसऱ्या टोकाला, नव्या वसाहतीत. सात मैल. मध्ये नदी, नदीवर एकच जुना पूल, आणि पुलाच्या तोंडाशी आमचा चौक. पाच वर्षांत शहर नुसतं सुटलंय. जो उठतो तो मोटार घेतो, आणि घेतली की आमच्या चौकात आणून उभी करतो. दर रविवारी पाच वाजता मी खालच्या औषधवाल्याच्या दुकानातून फोन करतो. (जावई डॉक्टर, म्हणून त्यांच्या घरी फोन आहे.) दर रविवारी ही म्हणते, अहो, काय ती गर्दी, कशी येऊ?

ज्या माणसाने नगरपालिकेच्या रस्ते खात्यात अठ्ठावीस वर्षं वाहनं मोजली, त्याची बायको ट्रॅफिकमुळे अडकून पडते. शरमेची गोष्ट आहे. संकल्प: एप्रिलअखेर हिचा रस्ता मोकळा करायचा.

सायंकाळी ५.२०
फोन केला. गर्दी आहे म्हणाली.

४ मार्च, सोमवार
कामाला सुरुवात. दुसऱ्या मजल्यावरची आमची खिडकी म्हणजे चौकाची नाडीच. खुर्ची, तक्ता, पेन्सिल. रकाने: मोटार, लॉरी, बस, ट्राम, स्कूटर, सायकल, घोडागाडी, हातगाडी. चार उभ्या रेघा, पाचवी आडवी. सकाळी आठ ते दहा, दुपारी चार ते सहा. आज आठ ते दहा मोटारी ६८८. सिमेंटची एक लॉरी चौकाच्या मधोमध बंद पडली. मागे ट्राम, ट्राममागे घोडागाडी, घोडागाडीमागे जग. ट्रामवाला घंटा वाजवत बसला होता, जसं काही घंटेने लॉरी सुरू होते.

मी गेल्या वर्षी रिटायर झालो. माझ्या जागी खात्याने माणूस घेतला नाही, रबराची नळी घेतली. रस्त्यावर आडवी टाकतात, कडेला एक पेटी. चाक गेलं की पेटीतला आकडा सरकतो. दोन दाब म्हणजे एक वाहन. औषधवाल्याने काल गंमत म्हणून तिच्यावर दोनदा पाय दिला. शहरात एक मोटार वाढली! मी त्याला रागावलो, पण आतून बरं वाटलं. माझे तक्ते मी अजून खात्यात नेऊन देतो. पगार नाही, पण साहेबांना तेवढाच आधार.

७ मार्च, गुरुवार
दूध उतू गेलं. कारण: मी खिडकीत होतो. उपाय: दूध बंद.

भिंतीवरचा प्लॅन आज पुन्हा नीट पाहिला. काम चोख आहे. आमच्या बैठकीच्या खोलीतून स्वयंपाकघरात जायला एकच बोळ, तोही इतका अरुंद की दोन माणसं समोरासमोर आली तर एकाने माघार घ्यायची. मीच का घ्यायची, हा आमच्यातला जुना प्रश्न. म्हणून लग्नाच्या तिसाव्या वाढदिवसाला मी हिला भेट दिली. आधी पंधरा दिवस तिला न कळू देता मोजणी केली. ही दिवसातून सरासरी ६४ वेळा स्वयंपाकघर ते बैठक करते. पैकी २३ वेळा हात रिकामे! यावर प्लॅन: बोळातून फक्त आत जायचं. बाहेर यायचं ते मागच्या गॅलरीतून, झोपायच्या खोलीतून, फिरून. भिंतीवर लाल पेन्सिलीने बाण. रिकाम्या हाताने फेरी नाही. ६४ फेऱ्यांच्या ४१.

तिने तक्ता हातात घेऊन बराच वेळ पाहिला. एक शब्द बोलली नाही. भरून आलं असणार. तीस वर्षांत तिच्या कामाची एवढी बारीक दखल कोणी घेतली होती?

चौथ्या दिवशी ती मुलीकडे गेली. बाळंतपणाला अजून दीड महिना होता, पण ही मुळात काळजी करणारी. बॅग घेऊन बोळातूनच बाहेर आली, बाणाच्या उलट. घाईत माणूस चुकतं. मी तेव्हा बोललो नाही.

१० मार्च, रविवार
फोन. ३ मिनिटं ४० सेकंद. गेल्या दहा फोनांची सरासरी ३.५५, म्हणजे जवळजवळ कायम. काय खाता, म्हणून तिने विचारलं. सगळं खातो म्हणालो. (पाव आणि उकडलेलं अंडं.) तब्येत सांभाळा म्हणाली. इथे मोकळं वाटतं म्हणाली. वाटणारच, नव्या वसाहतीतले रस्ते साठ फुटी आहेत. आता तिलाही रस्त्याची रुंदी जाणवते. संगतीचा परिणाम.

१४ मार्च, गुरुवार
हिच्यासाठी वेळापत्रक तयार केलं. रविवारी दुपारी ३.१० ला घर सोडणे. ३.१८ ची बस. डाव्या बाजूला बसणे, उतरायला सोपं. पुलाआधीच्या स्टॉपवर उतरून पूल पायी पार करणे, कारण पुलावर बस सरासरी १४ मिनिटं उभी असते आणि पायी नऊ लागतात. ३.५८ ला घरात. ४.०५ ला चहा. पोस्टाने दोन प्रती पाठवल्या. एक तिच्यासाठी, एक सही करून परत पाठवण्यासाठी.

चहा मी करणार. संकल्प: चहा शिकणे.

१७ मार्च, रविवार
आली नाही. पत्र मिळालं नाही म्हणाली. पोस्टाची गाडीसुद्धा याच चौकातून जाते, दुसरं काय होणार.

मग मुलीने फोन घेतला. म्हणाली, बाबा, तुम्हीच का नाही येत इकडे? रस्ता काय एकाच बाजूने आहे का?

तिला शांतपणे समजावलं की मोजणी मध्येच सोडता येत नाही, आकड्यांत खंड पडतो. बरं म्हणाली. लहानपणापासून तिला आकड्यांचं गांभीर्य नाही. आईवर गेली आहे.

२२ मार्च, शुक्रवार
खात्यात गेलो. अत्यंत समाधान वाटलं. माझे तक्ते प्रत्येक टेबलावर! मुलं त्यांच्या कोऱ्या बाजूवर चहाची ऑर्डर लिहितात, निरोप लिहितात, एकाने घोड्याचं चित्र काढलं होतं. म्हणजे माझे आकडे दिवसभर सगळ्यांच्या हाताखाली असतात.

साहेब कामात होते. एक तास पन्नास मिनिटं बसलो. ते टोपी घालूनच बाहेर आले, मला पाहून दचकले, म्हणाले, अरे, तुम्ही अजून येता? त्यांच्या आवाजात कौतुक होतं. घाईघाईत सांगितलं, नवा पूल २० एप्रिलला सुरू होतोय.

हा माझ्या फेब्रुवारीतल्या पत्राचा परिणाम. काम सहा वर्षं चाललंय हे खरं, पण शेवटचा धक्का कोणी दिला?

२० एप्रिलपर्यंत मात्र थांबवत नाही. मधल्या काळासाठी वेगळी योजना हवी.

२६ मार्च, मंगळवार
वेगळी योजना तयार. चौकातला पोलीस, त्याला आम्ही शिट्टीवाला म्हणतो, भला माणूस आहे. मी खिडकीतून त्याला चुका दाखवतो, तो खालून मान हलवतो. आज खाली जाऊन बोललो. ठरलं असं: रविवारी ही टॅक्सीने येईल. टॅक्सी पुलावर दिसली की मी खिडकीतून पांढरा टॉवेल हलवायचा. त्याने बाकीच्या तिन्ही बाजू थोपवायच्या, टॅक्सी सरळ आमच्या दारात. तो आधी नाही म्हणत होता. मी त्याला सांगितलं, एका बाईचा संसार अडलाय. मग त्याचा चेहरा बदलला. म्हणाला, काका, एक मिनिटाच्या वर नाही हं.

हिला मुद्दाम मधल्या वारी फोन केला. रविवारी टॅक्सीने ये म्हणालो. बघू म्हणाली. आमच्या घरात मी बघू म्हणालो तर त्याचा अर्थ नकार. ती म्हणाली तर होकार.

३१ मार्च, रविवार. सायंकाळी ६
शांतपणे लिहितो.

३.५० ला पुलावर टॅक्सी दिसली. टॉवेल हलवला. शिट्टीवाल्याने हात वर केले, तिन्ही बाजू थांबल्या. असं दृश्य मी अठ्ठावीस वर्षांत पाहिलं नव्हतं. सगळा चौक हिच्यासाठी मोकळा! डोळे भरून आले, त्यामुळे टॅक्सीचा नंबर दिसला नाही. टॅक्सी दाराशी आली. आतून एक जाडा गृहस्थ आणि बटाट्याची दोन पोती उतरली. ते समोरच्या खाणावळीचे मालक निघाले.

मला वाटलं, ही मागच्या टॅक्सीत असेल. टॉवेल हलवत राहिलो. शिट्टीवाला खालून हातानेच काय, काय, विचारत होता. मी आणखी जोरात हलवला. एकूण अकरा मिनिटं. हॉर्न, शिव्या, ट्रामच्या घंटा. रांग पार शाळेच्या मैदानापर्यंत गेली. थांबलेली वाहनं २१४. माझ्या हातून झालेली ही सर्वांत मोठी नोंद.

रांगेतल्या सत्ताविसाव्या मोटारीत शिट्टीवाल्याचे साहेब होते.

पाचला फोन केला. ही म्हणाली, अहो, मी नुसतं बघू म्हणाले होते.

१ एप्रिल, सोमवार
शिट्टीवाल्याची नव्या पुलावर बदली. पूल अजून सुरू व्हायचाय, तोवर रिकाम्या पुलावर उभं राहायचं. ही बढतीच आहे, असं मी त्याला म्हणालो. तो जाता जाता म्हणाला, काका, काकूंना यायचं असतं तर त्या चालत आल्या असत्या.

सात मैल! पोलीस असून माणसाला अंतराचा अंदाज नसावा?

४ एप्रिल, गुरुवार
ताप. मोजणी नाही.

५ एप्रिल, शुक्रवार
ताप. औषधवाला वर येऊन गोळ्या देऊन गेला. घरी कळवू का म्हणाला. म्हटलं, उगाच त्यांना धावपळ, तीही ट्रॅफिकमध्ये. तो गेल्यावर लक्षात आलं, दोन दिवसांत या घरात बोललेलं हे पहिलंच वाक्य. पडल्या पडल्या ट्रामचे आवाज ऐकतो. ती वळणावर येते तेव्हा कपाटातल्या कपबश्या किणकिणतात. पूर्वी मला वाटायचं ही स्वयंपाकघरात काहीतरी आवरते आहे. अजूनही पटकन तसंच वाटतं.

७ एप्रिल, रविवार
ताप उतरला. तीन दिवसांचे रकाने रिकामे राहिले. खात्यातून कोणी विचारायला आलं नाही, इतका विश्वास. हिला तापाचं सांगितलं नाही. आवाज बसलाय का म्हणाली. धूळ म्हणालो. फोन ४ मिनिटं १० सेकंद. सुधारणा.

१५ एप्रिल, सोमवार
चहा जमला. चौथ्या प्रयत्नात. दोन कप झाला, कारण एक कप करायचं प्रमाण मला माहीत नाही. दोन्ही मीच प्यायलो.

२० एप्रिल, शनिवार
नवा पूल सुरू झाला! बँड, फीत, भाषणं. भाषणात माझं नाव घ्यायला विसरले, ते असो. दुपारी चारला मोजायला बसलो आणि मला वाटलं की डोळ्यांना काही झालंय. चौक रिकामा. लॉऱ्या गेल्या, मोटारी गेल्या, सगळी ये-जा एका दिवसात नव्या पुलावर. समोरचा खाणावळवाला दारात येऊन डोक्याला हात लावून उभा होता. मी खिडकीतून त्याला अभिनंदन म्हणून हात केला.

आता काही अडचण नाही. उद्या रविवार. नव्या पुलावरून टॅक्सीला वीस मिनिटं. घर झाडलं. दोन कप धुऊन ठेवले. बाण पुसट झाले होते ते पुन्हा ठळक केले, नाहीतर तिचा गोंधळ होईल.

२१ एप्रिल, रविवार
चार ते पाच: मोटारी ६, सायकली ११, घोडागाडी १. टॅक्सी नाही.

पाचला खाली गेलो. ही म्हणाली, निघणार होते हो, पण त्या नव्या पुलावर काय गर्दी, जावई म्हणाले नकोच.

बरोबर आहे. नवा पूल, लोक बघायला येतात. तसं मी म्हणालोदेखील. फोन ठेवला तेवढ्यात शिट्टीवाला दुकानात आला. पायाच्या भेगांना मलम हवं होतं. औषधवाल्याने विचारलं, काय, पुलावर गर्दी असेल? तो म्हणाला, कसली गर्दी, रविवारचं काळं कुत्रं नाही, उभ्या उभ्या झोप येत होती. मग त्याने मला पाहिलं. औषधवाला बरण्या पुसायला लागला. स्वच्छ बरण्या. फोनचे पैसे द्यायला गेलो तर म्हणाला, आज राहू द्या.

मी शिट्टीवाल्याकडे वळलो. मी म्हणालो, तुमची ड्यूटी कोणत्या टोकाला असते? तो म्हणाला, तिकडच्याच. मी म्हणालो, हां, मग गर्दी मधल्या भागात असेल.

दोघंही हो म्हणाले.

२४ एप्रिल, बुधवार
नव्या वसाहतीची मोजणी आजवर कोणी केलेली नाही. खात्याची मोठी चूक. रविवारी स्वतः जाऊन करायची.

असं लिहिलं आणि खोडावंसं वाटलं. खोडत नाही. ही वही माझ्याशिवाय कोण वाचणार? मोजणीसाठी जात नाही. हिला आणायला जातो. फोन करून सांगितलं, रविवारी चारला येतो. पलीकडे काहीच ऐकू येईना. मला वाटलं लाइन तुटली. मग म्हणाली, या. चहा टाकून ठेवते.

तिथे जाऊन एवढंच म्हणायचं: घरी चल, मला करमत नाही. सरावासाठी आरशासमोर वीस वेळा म्हणालो. चौथ्या शब्दाला अडखळतो. उद्या पुन्हा सराव.

संकल्प: तक्ता न्यायचा नाही. पेन्सिल न्यायची नाही.

२७ एप्रिल, शनिवार
शर्टाला इस्त्री केली. एक बाही जळली. कोट घालीन.

बाणांकडे पाहत बराच वेळ बोळात उभा होतो. तिला नकोच असतील तर पुसता येतील. लाल पेन्सिल आहे, रंग नव्हे. हेही उद्या सांगायचं.

२८ एप्रिल, रविवार. सायंकाळी ७
बस. घर ते नवी वसाहत १९ मिनिटं. कुठेही थांबली नाही.

३.५५ ला मुलीच्या घरासमोर पोचलो. तळमजला, खिडकी उघडी. मी रस्त्याच्या या बाजूला, ती त्या बाजूला. आत ही दिसली. तब्येत सुधारली आहे. स्वयंपाकघरातून बाहेरच्या खोलीत आली, तशीच परत गेली, मागे बाळ रांगत. पुन्हा आली. पुन्हा गेली. पेन्सिल नव्हती, तरी माझी मोजणी सुरूच झाली. अकरा मिनिटांत नऊ फेऱ्या. पैकी पाच वेळा हात रिकामे. आणि रस्ता इतका शांत की ती गुणगुणत होती तेही ऐकू आलं. तीस वर्षांत हिला गुणगुणताना मी ऐकलं नव्हतं. का ती गुणगुणायची आणि मी मोजत असायचो, कोण जाणे.

मग तिने खिडकीजवळच्या टेबलावर एक कप ठेवला, वर बशी झाकली. घड्याळ पाहिलं. केसांवरून हात फिरवला. एकदा बाहेर रस्त्याकडे पाहिलं. मी झाडाआड होतो, की नव्हतो, नक्की सांगता येत नाही.

साठ फुटी रस्ता. तेवढ्या वेळात एक सायकल आणि एक बाबागाडी. मला पाऊल टाकता येईना. शब्द सगळे पाठ होते. पण ते म्हटले आणि ती नाही म्हणाली, तर? आता निदान दर रविवारी पाचला ती म्हणते की गर्दी आहे म्हणून येत नाही. ते नाही ऐकल्यावर रविवारी पाचला मी काय करायचं? मला भीती वाटली. सरळ लिहितो, भीती वाटली.

४.३८ ची परतीची बस. ही पण १९ मिनिटं.

पाचला औषधवाल्याकडून फोन केला. ती लगेच म्हणाली, अहो, कुठे आहात? चहा निवला. मी म्हणालो, निघालो होतो गं, पण ट्रॅफिक. फार ट्रॅफिक.

ती अगदी हळू म्हणाली, हो ना. काय ही गर्दी.

१ मिनिट ५ सेकंद. औषधवाल्याने पैसे घेतले नाहीत.

वर येऊन तक्ता काढला. नवी वसाहत, २८ एप्रिल, दुपारी ४ ते ४.३०. मोटारी ४१२, लॉऱ्या ५६, बस १९. अठ्ठावीस वर्षांत खोटा आकडा लिहिला नव्हता. खाली सही केली.

मग चहा केला. दोन कप झाला. दोन्ही कप घेऊन बोळातून बाणाच्या उलट बाहेर आलो. समोरून कोणी आलं नाही.